मधल्या फळीतला दीर्घ मुक्काम
(शाळेच्या हीरक महोत्सवानिमित्त झालेल्या व्याख्यानाचा मजकूर)



फुटबॉलच्या विश्वचषकाचा अंतिम सामना सुरू होऊन जेमतेम चार मिनिटे झाली होती. स्थळ होते स्टॉकहोमला लागून असलेल्या सोल्ना येथील रोसुंदा मैदान. दिवस २९ जून १९५८. पावसाने जमीन ओली होती. यजमान स्वीडनचा कर्णधार ब्राझीलच्या गोलाच्या तोंडाशी चेंडू घेऊन आला, एका बचावपटूला त्याने हुलकावणी दिली, दुसऱ्यालाही दिली, आणि उजव्या पायाने चेंडू जमिनीलगत कोपऱ्यात धाडला. त्या संपूर्ण स्पर्धेत ब्राझीलचा संघ पहिल्यांदाच पिछाडीवर पडला होता. गोल करणाऱ्या कर्णधाराचे वय त्या दिवशी ३५ वर्षे २६४ दिवस होते. २०२२ पर्यंतच्या एकाही विश्वचषकाच्या अंतिम सामन्यात याहून अधिक वयाच्या खेळाडूने गोल केलेला नाही.

गंमत अशी, की सर्वांत कमी वयाच्या खेळाडूने अंतिम सामन्यात गोल करण्याचा विक्रमही त्याच मैदानावर, त्याच दुपारी नोंदला गेला. तो खेळाडू १७ वर्षे २४९ दिवसांचा होता आणि त्याचे नाव पेले. जगाने त्या दिवसापासून पेले यांचे नाव पाठ केले, हे स्वाभाविकच झाले. परंतु आजचे व्याख्यान त्या दुसऱ्या टोकाच्या खेळाडूविषयी आहे. निल्स लीडहोल्म हे त्यांचे नाव. या गोलापर्यंत पोहोचायला त्यांना नऊ वर्षांचा एक विलक्षण वनवास भोगावा लागला होता, आणि तो वनवास त्यांनी स्वतःच्या मर्जीने पत्करला होता.

लीडहोल्म यांचा जन्म ८ ऑक्टोबर १९२२ रोजी स्वीडनच्या पूर्व किनाऱ्यावरील वाल्देमार्सविक या लहानशा गावी झाला. हे गाव कातडी कमावण्याच्या कारखान्यासाठी ओळखले जाई. गावच्या संघातून ते जवळच्या नॉर्शोपिंग या औद्योगिक शहरात आले. आधी स्लाइप्नर या संघाकडून खेळले आणि १९४६ मध्ये आयएफके नॉर्शोपिंगमध्ये दाखल झाले. युरोप युद्धाच्या राखेतून नुकता उठत होता. तटस्थ राहिलेल्या स्वीडनमधील मैदाने मात्र शाबूत होती, खेळाडू धडधाकट होते, आणि नॉर्शोपिंगच्या संघाला लायोश त्सेइझलर नावाचे एक हंगेरियन प्रशिक्षक लाभले होते. लीडहोल्म संघात असताना नॉर्शोपिंगने १९४७ आणि १९४८ असे लागोपाठ दोनदा राष्ट्रीय विजेतेपद मिळवले. त्याच संघात गुन्नार नोर्डाल हा धिप्पाड आघाडीवीर होता. पेशाने तो अग्निशामक दलातला जवान. स्वीडनमध्ये फुटबॉल तेव्हा हौशी खेळ होता. पोटापाण्यासाठी प्रत्येकाला काही ना काही काम करावेच लागे.

१९४८ च्या लंडन ऑलिंपिकमध्ये स्वीडनने सुवर्णपदक जिंकले. ऑस्ट्रियाला ३-०, दक्षिण कोरियाला १२-०, डेन्मार्कला ४-२ आणि वेम्ब्लीवरील अंतिम सामन्यात युगोस्लाव्हियाला ३-१ असे त्यांनी हरवले. डेन्मार्कविरुद्धच्या सामन्यातला एक प्रसंग आजही सांगितला जातो. आपण ऑफसाइड ठरू नये म्हणून नोर्डाल मैदान सोडून थेट गोलाच्या जाळ्यात जाऊन उभा राहिला, आणि मागून सहकाऱ्याने डोक्याने मारलेला चेंडू त्याने जाळ्याच्या आतच झेलला! याच ऑलिंपिकमध्ये स्वतंत्र भारताचा फुटबॉल संघही उतरला होता. बहुतेक खेळाडू अनवाणी खेळले, दोन पेनल्टी वाया गेल्या आणि फ्रान्सकडून २-१ असा निसटता पराभव झाला. गोळेश्वरचे खाशाबा जाधव त्याच लंडनमध्ये कुस्तीत सहावे आले. हेलसिंकीचे कांस्यपदक अजून चार वर्षे दूर होते.

सुवर्णपदकाने स्वीडनच्या खेळाडूंवर इटलीची नजर वळली. इटलीतील फुटबॉल पूर्णपणे व्यावसायिक होता. तेथील मोठ्या संघांमागे उद्योगपतींचा पैसा होता. जानेवारी १९४९ मध्ये नोर्डाल मिलान संघाकडे गेला. ४ मे १९४९ रोजी तुरीनजवळच्या सुपेर्गा टेकडीवर विमान कोसळून तोरिनोचा अजिंक्य समजला जाणारा संघ मृत्युमुखी पडला आणि इटलीच्या फुटबॉलवर शोककळा पसरली. त्याच उन्हाळ्यात लीडहोल्म आणि गोथेनबर्गचे गुन्नार ग्रेन मिलानला पोहोचले. संघाचे प्रशिक्षकपद सांभाळायला नॉर्शोपिंगहून त्सेइझलरही आले होते.

येथे त्या वनवासाची गोष्ट सुरू होते. स्वीडनच्या फुटबॉल महासंघाचा नियम कडक होता. खेळाबद्दल पैसे घेणाऱ्याला राष्ट्रीय संघाचे दार बंद. व्यावसायिक करारावर सही केली, की देशाचा पिवळा शर्ट उतरवून ठेवायचा. लीडहोल्म तेव्हा २६ वर्षांचे होते, म्हणजे खेळाडूच्या आयुष्यातला ऐन बहराचा काळ त्यांच्यापुढे होता. पुढच्याच वर्षी ब्राझीलमध्ये विश्वचषक होणार होता. एका बाजूला देशाकडून खेळण्याचा मान आणि दुसऱ्या बाजूला आपल्या कौशल्याचे योग्य मोल व जगातल्या सर्वांत अवघड स्पर्धेत रोजची परीक्षा, यांतून त्यांना निवड करायची होती. त्यांनी सही केली. या निवडीला कोणी स्वार्थ म्हटले तर ते अन्यायाचे होईल, आणि कोणी तिला धाडस म्हटले तर तेही अर्धेच खरे. उपजीविकेसाठी मुलूख सोडणाऱ्याच्या मनात या दोन्ही गोष्टी एकत्रच असतात. मराठी मुलखापासून दूर येऊन येथे मराठी शाळा उभारणाऱ्या पिढीला हे वेगळे सांगण्याची गरज नाही.

१९५० च्या विश्वचषकात या तिघांशिवाय स्वीडनचा संघ उतरला. त्याने गतविजेत्या इटलीला ३-२ असे हरवले आणि तिसरे स्थान मिळवले. तो पराक्रम मिलानमध्ये बसून ऐकताना लीडहोल्म यांना काय वाटले असेल, याची कल्पनाच करावी. त्याचा परिणाम मात्र मजेशीर झाला. स्वीडनने इटलीला हरवले म्हणून इटलीच्या संघांनी आणखी स्वीडिश खेळाडू विकत घेतले, आणि स्वीडनच्या राष्ट्रीय संघाला आणखी भगदाड पडले.

इकडे मिलानमध्ये तिघांच्या आडनावांची पहिली अक्षरे जोडून इटालियन वृत्तपत्रांनी एकच नाव तयार केले : ग्रे-नो-ली. पहिल्याच, १९४९-५० च्या हंगामात मिलानने ३८ सामन्यांत ११८ गोल केले, त्यांपैकी नोर्डालचे ३५. फेब्रुवारी १९५० मध्ये युव्हेंटसला त्यांच्याच मैदानावर ७-१ असे लोळवले. त्यात नोर्डालने तीन, तर ग्रेन आणि लीडहोल्म यांनी प्रत्येकी एक गोल केला. तरीही तो हंगाम युव्हेंटसचाच ठरला. पुढच्या वर्षी, १९५१ मध्ये, मिलानने इटलीचे विजेतेपद पटकावले. त्याआधीचे विजेतेपद १९०७ सालचे होते. चव्वेचाळीस वर्षांची प्रतीक्षा संपली.

या तिघांत लीडहोल्म यांचे स्थान नेमके कोणते? नोर्डाल गोल करी. त्याचे काम कोणालाही दिसे. ग्रेन यांना लोक ‘प्रोफेसर’ म्हणत. लीडहोल्म सुरुवातीला आघाडीच्या फळीत, डाव्या बाजूला आतल्या अंगाने खेळत. हळूहळू ते मधल्या फळीत उतरले. इटालियन भाषेत मधल्या फळीतून संघाचा खेळ चालवणाऱ्याला ‘रेजिस्ता’ म्हणतात. चित्रपटाच्या दिग्दर्शकासाठीही तोच शब्द आहे. हे काम वरवर पाहता निष्क्रिय भासते. चेंडू घ्यायचा, मान वर करायची, कोण मोकळा आहे ते पाहायचे आणि चेंडू द्यायचा. पण चेंडू पायाशी येण्याआधीच तो कोठे द्यायचा हे ठरलेले असावे लागते, आणि तेथेच खरी मेख असते. लीडहोल्म धावपळ करताना क्वचितच दिसत. ताठ मानेने, घाई न करता, लांब टांगा टाकत ते खेळत. पुढे लोक त्यांना ‘बॅरन’ म्हणू लागले ते याच डौलामुळे.

त्यांच्या अचूकतेची एक आख्यायिका मिलानमध्ये अजून सांगितली जाते. सान सिरो मैदानावर एकदा त्यांचा पास चुकला. इतक्या दिवसांत तसे घडलेच नव्हते म्हणून प्रेक्षक क्षणभर स्तब्ध झाले आणि मग सगळे मैदान उभे राहून टाळ्या वाजवू लागले. ही गोष्ट अक्षरशः खरी धरण्याचे कारण नाही. लीडहोल्म यांना स्वतःला गंभीर चेहऱ्याने थापा मारण्याची हौस होती. पण एखाद्या खेळाडूविषयी लोक कोणती दंतकथा रचतात, यावरूनही त्याची ओळख पटते. गोलांच्या दंतकथा अनेकांच्या आहेत. चुकलेल्या पासची दंतकथा असलेला खेळाडू विरळा.

१९५३ मध्ये ग्रेन मिलान सोडून गेले. १९५६ मध्ये नोर्डालही गेला. मिलानसाठी लीगमध्ये त्याने २१० गोल केले होते. लीडहोल्म राहिले. पाय जसे मंदावले तसे ते आणखी मागे, बचावफळीच्या निकट सरकले. ज्या वयात इतर खेळाडू मैदान सोडतात, त्या वयात त्यांनी मैदानावरची जागा बदलली. १९५५, १९५७ आणि १९५९ अशी आणखी तीन विजेतेपदे त्यांच्या वाट्याला आली. संघाचे कर्णधारपदही आले. १९६१ मध्ये, ३८ व्या वर्षी, त्यांनी बूट उतरवले तेव्हा बारा हंगामांत लीगचे ३५९ सामने आणि ८१ गोल त्यांच्या नावावर जमा होते.

पण १९५८ कडे परत जायला हवे, कारण त्या वर्षात त्यांच्या कारकिर्दीचा सारा गोडवा आणि सारा कडवटपणा एकवटला आहे. विश्वचषक स्वीडनमध्येच होणार असे ठरले आणि महासंघाने अखेर नियम शिथिल केला. व्यावसायिक खेळाडूंना राष्ट्रीय संघात बोलावण्यात आले. इंग्रज प्रशिक्षक जॉर्ज रेनर यांनी इटलीत खेळणाऱ्यांना एकत्र केले : लीडहोल्म, हामरिन, स्कोग्लुंद, गुस्तावसन, आणि मायदेशी परतलेले ३७ वर्षांचे ग्रेनही. एवढी वर्षे ज्यांना बाहेर ठेवले, त्यांच्यापैकीच एकाच्या हाती आता कर्णधारपद होते.

त्याआधी २८ मे रोजी ब्रसेल्समध्ये युरोपियन करंडकाचा अंतिम सामना झाला. मिलानचे कर्णधार लीडहोल्म, समोर दी स्टेफानो आणि खेंतो यांचा रेआल माद्रिद. मिलानने दोनदा आघाडी घेतली, दोनदा गमावली आणि जादा वेळेत ३-२ असा सामना हातून गेला. त्यानंतर दोनच आठवड्यांत लीडहोल्म आपल्या देशाच्या शर्टात उभे राहिले. मेक्सिकोविरुद्ध पेनल्टीवर त्यांनी गोल केला. हंगेरी आणि सोव्हिएत संघ मागे पडले. उपांत्य सामन्यात गोथेनबर्गमध्ये गतविजेत्या पश्चिम जर्मनीला ३-१ असे हरवले; त्यात एक गोल ग्रेन यांचा होता.

आणि मग रोसुंदावरची ती चार मिनिटे. ब्राझील लवकर मागे पडला तर त्याचा धीर सुटेल, असा रेनर यांचा होरा होता. पण ब्राझीलच्या दीदी यांनी जाळ्यातून चेंडू काढला, काखोटीला मारला आणि जणू काही घडलेच नाही अशा संथ चालीने ते मैदानाच्या मध्यापर्यंत चालत गेले. चालता चालता सहकाऱ्यांना धीर देत गेले. मधल्या फळीतल्या एका दिग्दर्शकाला दुसऱ्या दिग्दर्शकाने दिलेले ते उत्तर होते. नवव्या मिनिटाला वावा यांनी बरोबरी साधली; शेवटी निकाल लागला ५-२. वयाच्या १७ व्या वर्षी पेले रडले ते आनंदाने. लीडहोल्म यांना एकाच उन्हाळ्यात, तेहतीस दिवसांच्या आत, जगातले दोन सर्वांत मोठे अंतिम सामने कर्णधार म्हणून हरावे लागले. राष्ट्रीय संघाकडून ते एकूण २३ सामने खेळले. मधली नऊ वर्षे दार उघडे असते तर हा आकडा कितीवर गेला असता, याचा हिशेब मांडण्यात अर्थ नाही. पण तो मांडल्यावाचून राहवतही नाही.

निवृत्तीनंतर ते स्वीडनला परतले नाहीत. इटालियन पत्नी, इटालियन घर आणि अखेरपर्यंत स्वीडिश उच्चारांची झाक असलेली इटालियन भाषा, असा त्यांचा संसार होता. प्रशिक्षक म्हणून मिलान, वेरोना, व्हारेसे, फिओरेंतिना, रोमा अशी त्यांची भ्रमंती झाली. वेरोना आणि व्हारेसे या संघांना त्यांनी दुसऱ्या श्रेणीतून वर आणले. १९७९ मध्ये मिलानला दहावे विजेतेपद मिळवून दिले. दहा विजेतेपदे मिळवणाऱ्या संघाला शर्टावर सोनेरी तारा लावण्याचा मान असतो, तो त्यांच्यामुळे मिळाला. त्याच उन्हाळ्यात ते रोमाकडे गेले.

रोममधील कामगिरी हा त्यांच्या विचाराचा खरा कस होता. इटलीचा फुटबॉल तेव्हा माणसामागे माणूस लावून चालत असे. प्रत्येक बचावपटूने प्रतिस्पर्ध्याची सावली बनायचे, आणि सर्वांच्या मागे एक मोकळा राखणदार. लीडहोल्म यांनी खेळाडूंना माणसे वाटून न देता जागा वाटून दिल्या. प्रत्येकाने आपला टापू सांभाळायचा आणि चेंडू मिळाला की तो आपल्याच माणसांत फिरवत ठेवायचा. त्यांचे तर्कशास्त्र साधे होते : चेंडू आपल्याकडे आहे तोवर समोरच्याला गोल करता येत नाही. टीकाकारांना हा खेळ झोप आणणारा वाटे. तरुण कार्लो आंचेलोत्ती, ब्राझीलहून आलेले फाल्काव, ब्रुनो कोंती, आणि मधल्या फळीतून मुद्दाम मागे आणलेले आगोस्तिनो दी बार्तोलोमेई, अशांच्या बळावर रोमाने १९८३ मध्ये विजेतेपद मिळवले. आधीचे विजेतेपद १९४२ चे होते. दी बार्तोलोमेई यांना मागे खेळवताना लीडहोल्म यांना स्वतःची शेवटची वर्षे आठवली असणार. पाय मंद, पण दृष्टी लांब असलेल्या खेळाडूला मागे उभे केले, तर त्याला समोर संपूर्ण मैदान दिसते.

पुढच्या वर्षी, ३० मे १९८४ रोजी, युरोपियन करंडकाचा अंतिम सामना रोमच्याच ऑलिंपिक मैदानावर झाला. १९५८ प्रमाणेच पुन्हा आपल्याच प्रेक्षकांसमोर. समोर लिव्हरपूल. १-१ अशी बरोबरी झाली आणि निकाल पेनल्टीवर गेला. लिव्हरपूलची पहिली पेनल्टी वाया गेली, दी बार्तोलोमेई यांनी आपली साधली. रोमा पुढे होता. मग गोलरक्षक ग्रोबेलार पाय लटपटवत नाचला, कोंती आणि ग्रात्सियानी यांचे फटके बारवरून गेले. फाल्काव पेनल्टी मारायला पुढे आलेच नाहीत. रोममध्ये त्यावर अजूनही वाद होतात. लीडहोल्म यांनी तो पराभव कोणाच्याही माथी मारला नाही. त्यांचा आवाज चढलेला कोणी फारसा ऐकलाच नव्हता.

त्यानंतर ते पुन्हा मिलानला आले. संघाची स्थिती तेव्हा फारशी बरी नव्हती. तरुणांना योग्य वेळी मैदानात उतरवण्याची त्यांची नजर मात्र तीच होती. १९७८ मध्ये त्यांनी १७ वर्षांच्या फ्रांको बारेसी यांना पहिली संधी दिली होती. २० जानेवारी १९८५ रोजी उदिने येथील सामन्यात मध्यंतरानंतर त्यांनी बाकावर बसलेल्या १६ वर्षांच्या मुलाला उठवले आणि उजवीकडे खेळणार की डावीकडे, एवढेच विचारले. तुम्ही सांगाल तेथे, असे मुलाने उत्तर दिले. तो मुलगा पाओलो माल्दिनी. त्याचे वडील चेझारे माल्दिनी पन्नाशीच्या दशकात लीडहोल्म यांच्या शेजारी उभे राहून मिलानसाठी खेळले होते.

उत्तरायुष्यात लीडहोल्म पीडमाँट प्रांतातील कुक्कारो मोनफेर्रातो या गावी द्राक्षमळा राखून होते. तेथील टेकड्यांवर त्यांच्या घरची वाइन तयार होई. ५ नोव्हेंबर २००७ रोजी, ८५ व्या वर्षी, तेथेच त्यांचे निधन झाले. मिलानचा संघ त्याच वर्षी मे महिन्यात युरोपचा विजेता ठरला होता. प्रशिक्षक होते कार्लो आंचेलोत्ती. आणि कर्णधार, वयाच्या ३८ व्या वर्षीही अजून मैदानावर उभे असलेले, पाओलो माल्दिनी.